सूर्याचे काम माझ्याकडे

शाळेच्या शिस्तीबद्दल नि संस्कारांबद्दल या स्मरणिकेत इतरांनी भरभरून लिहिले असेलच. मी फक्त आमच्या विज्ञानाच्या बाईंबद्दल लिहिणार आहे. उत्तर बरोबर आले तरी त्यांचा पुढचा प्रश्न ठरलेला असे, "कशावरून?" धडा घोकून येणाऱ्या माझ्यासारख्या मुलींची त्यामुळे फार पंचाईत होई.

१९९५च्या ऑक्टोबरात मी नववीत होते. ऐन दिवाळीत, २४ तारखेला, सूर्यग्रहण आले. पुण्यातून ते खंडग्रासच दिसले, पण पेठांमध्ये दुसरा विषय नव्हता. त्या गडबडीत मिशेल मायोर आणि दिदिए केलो या स्विस शास्त्रज्ञांची बातमी आम्हा मुलांपर्यंत पोचलीच नाही. बाईंनी मात्र कात्रण जपून ठेवले होते. सुट्टीनंतर त्यांनी ते वर्गात वाचून दाखवले. ५१ पेगासी हा सूर्यासारखाच तारा, सुमारे ५० प्रकाशवर्षे दूर. त्याच्याभोवती निदान अर्ध्या गुरूएवढ्या वस्तुमानाचा एक ग्रह फिरतो आणि त्याचे वर्ष अवघे सव्वाचार दिवसांचे! आपल्या बुधालासुद्धा ८८ दिवस लागतात. शिवाय हा ग्रह कुणी डोळ्यांनी पाहिलेलाच नव्हता.

"मग आहे कशावरून?" मागच्या बाकावरून कुणीतरी विचारले. बाई भलत्याच खूश झाल्या.

त्यांनी सगळा वर्ग मैदानात नेला आणि फुगडी घालायला लावली. सूर्य म्हणून माझीच निवड का झाली, हे मला तेव्हा पाहिलेल्यांना सांगायला नको. ग्रह म्हणून पाचवीतली एक काडीपैलवान मुलगी आणली. ती भिरभिरत मोठे रिंगण घेत होती आणि मी आपली जागच्या जागी आहे असा माझा समज. "हिच्या पायांकडे बघा!" बाई ओरडल्या. माझ्या पायांनीही धुळीत एक लहानसे वर्तुळ काढले होते. धाकटी अंधारात दिसली नसती, तरी थोरलीच्या हलण्यावरून ती आहे हे कळलेच असते.

ताऱ्याचे हे हलणे त्याच्या प्रकाशात उमटते. तारा आपल्याकडे येताना प्रकाश किंचित निळ्याकडे सरकतो, दूर जाताना तांबड्याकडे. फ्रान्समधल्या ओत-प्रोव्हान्स वेधशाळेत त्या दोघांनी हेच मोजले. तारा सेकंदाला पन्नास-साठ मीटर वेगाने पुढेमागे होत होता. आपला गुरू सूर्याला सेकंदाला जेमतेम १२-१३ मीटरने हलवतो, तेही १२ वर्षांच्या फेरीत. म्हणजे ताऱ्याला खेटून फिरणारे दांडगे ग्रहच आधी हाती लागणार, हे ओघाने आलेच. ताराच आकुंचन-प्रसरण पावत असेल, अशी शंकाही काहींनी काढली. पण ती पुढे टिकली नाही. हलणे तर खरेच होते; त्याच महिन्यात अमेरिकेतल्या दुसऱ्या गटालाही ताऱ्याची तीच चाल दिसली होती.

एवढा मोठा ग्रह इतक्या जवळ तयार झाला कसा, असे मी विचारले. बाई म्हणाल्या, "मला नाही माहीत." शिक्षकाच्या तोंडून हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकले आणि खरे सांगायचे तर थोडी हबकलेच. आज सर्वसाधारण समजूत अशी, की असे ग्रह दूरच्या थंड भागात जन्मतात आणि मग आत सरकतात. कसे सरकतात, यावर अजून वाद आहेत.

२०१९ मध्ये मायोर आणि केलो यांना नोबेल मिळाले, तेव्हा आमच्या बॅचच्या ग्रुपवर दिवसभर फुगडीचाच विषय होता. इतर ताऱ्यांभोवती सापडलेल्या ग्रहांची संख्या आता सहा हजारांच्या पुढे गेली आहे.

शाळेच्या महोत्सवाचा मुख्य कार्यक्रम नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात आहे. त्या दिवसांत रात्री पावणेनऊच्या सुमारास ५१ पेगासी पुण्यात जवळजवळ थेट डोक्यावर असतो, पूर्वा भाद्रपदेच्या दोन ताऱ्यांच्या साधारण मध्ये, जरासा पश्चिमेला. शहराच्या उजेडात नुसत्या डोळ्यांनी दिसणार नाही, म्हणून मी दुर्बीण घेऊन गच्चीवर थांबणार आहे. समितीने मांडवाचे दिवे तेवढी दहा मिनिटे बंद ठेवावेत. भाषणे तशीही लांबणारच आहेत.