जॉर्ज टाउनच्या भिंतींना सिमेंट का चालत नाही

मलेशियात पेनांगमधल्या जॉर्ज टाउनच्या वारसा हद्दीत जुन्या घराची दुरुस्ती निघाली की चुन्याचाच आग्रह धरतात. आपल्याकडे हे हौसेचं काम वाटेल, पण त्यामागचं कारण भक्कम आहे.

इथली दुकानघरं चिंचोळी आणि खोल. खाली पेढी, वर बिऱ्हाड, मध्ये वाड्यासारखा उघडा चौक. भिंती मऊ विटांच्या, चुन्यात बांधलेल्या. जमिनीतली ओल त्यांत चढणारच. चुन्याचा गिलावा ती बाहेर सोडतो. सिमेंट थापलं की ओल कोंडते, आणखी वर सरकते, लोणा (ओलीबरोबर येणारा क्षार) विटेतच साचतो आणि गिलावा फुगून पडताना विटेचा पापुद्रा घेऊन जातो.

म्हणून आधी सिमेंट ओलीच्या रेषेच्या वर फूटभर तरी खरवडायचं. भिंत वाळली की लोणा कोरड्या ब्रशने झाडायचा. पाण्याने धुतला तर तो पुन्हा आत मुरतो. मग मुरवलेला चुना एक भाग, खरखरीत वाळू तीन भाग. एकेक थर साधारण 10 मिलिमीटरचा, त्यावर ओलं गोणपाट. उन्हात भराभर सुकू दिला तर चुना घट्ट व्हायच्या आत भेगा पडतात आणि हात लावला की पीठ निघतं. वर ओल कोंडणारा ॲक्रिलिक रंग मारला तर सगळी मेहनत फुकट. इथल्या च्योंग फॅट त्झे हवेलीचा प्रसिद्ध निळा रंगसुद्धा चुन्यात नीळ घालूनच दिलेला आहे. चुना घाण्यात मळून घेणारे आपले गवंडी यात कुणापेक्षा कमी नव्हते!

भिंती सांभाळणाऱ्या या शहराने माणसं मात्र सांभाळली नाहीत. 1948 पूर्वीच्या घरांवरचं भाडेनियंत्रण 1 जानेवारी 2000 ला उठलं. भाडी चढली, जुने भाडेकरू गेले. काही रिकाम्या घरांत, खाण्यासाठी विकल्या जाणाऱ्या घरट्यांसाठी, पाकोळी पक्षी पाळले. त्यांच्यासाठी मुद्दाम राखलेल्या दमटपणाने तुळया कुजल्या. 2008 मध्ये युनेस्कोचा दर्जा मिळाल्यावर हॉटेलं आणि कॅफे वाढले.

मुंबईत मात्र 2000 मध्येच, 31 मार्चला, महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा लागू झाला आणि पागडी देऊन राहणाऱ्या भाडेकरूंचं संरक्षण टिकलं. आपल्या उपकरप्राप्त (दुरुस्तीसाठी उपकर भरणाऱ्या जुन्या) इमारतींना टेकू लागलेत हे खरं, पण आत बिऱ्हाडं नांदताहेत. मला हे जास्त मोलाचं वाटतं. तरी गिरगावातल्या चुन्याच्या भिंतीवर दर पावसाळ्यानंतर सिमेंटचा हात मारायला ही सबब पुरत नाही.