नानांची लाल डायरी आणि पाचशे विमानं

जून २०२३ ची गोष्ट. जळगावात पावसाचा पत्ता नव्हता, ऑफिसातला कूलर नुसती गरम हवा फेकत होता आणि भर दुपारी चोपड्याहून नाना आले, हातात पेपरची घडी. नानांची जिनिंग-प्रेसिंग आहे, म्हणजे कापसातली सरकी काढून रुईच्या गाठी बांधायचा कारखाना, बारा वर्षं झाली त्यांचे हिशोब मीच बघतो. पेपरात बातमी होती की इंडिगोने एअरबसला ५०० विमानांची ऑर्डर दिली. नाना म्हणे, भाऊ, वीस लाख मोकळे आहेत, विमान कंपनीचे शेअर घेऊन टाकू का, एवढी विमानं घेणाऱ्याकडे पैसा असेलच ना.

मी म्हटलं नाना, बसा, आधी पाणी घ्या. गो फर्स्ट या विमान कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज करून तेव्हा दोन महिनेसुद्धा झाले नव्हते, २ मेची गोष्ट. विमानं उभी, कारण इंजिनं मिळेनात, पण भाडं आणि पगार काही उभे राहत नाहीत.

मग कॉम्प्युटरवर एका विमान कंपनीचा वार्षिक अहवाल उघडला आणि कर्जाचा आकडा सोडून सरळ मागच्या टिपांकडे गेलो. तिथे एक ओळ असते, आम्ही सीए लोक ती झोपेतही म्हणू शकतो: भांडवली कामांचे करार झालेले, पण अजून पूर्ण व्हायचे आणि तरतूद न केलेले. म्हणजे सौदा पक्का, पण हिशोबात देणं म्हणून धरलेला नाही. विमानांची ऑर्डर इथे बसते. ताळेबंदात दिसतो फक्त विमान बनायच्या आधी भरलेला ॲडव्हान्स, तोही मालमत्तेच्या बाजूला! उरलेली रक्कम डॉलरमध्ये द्यायची, विमान येईल तसतशी. ही ५०० विमानं येणार २०३० ते २०३५ मध्ये आणि आधीच्या ऑर्डरींमधली ४८० अजून यायचीच होती. बऱ्याच कंपन्या विमान आलं की भाड्याने देणाऱ्या कंपनीला विकतात आणि तेच विमान भाड्याने घेतात, मग खरेदीचा बोजा हलका होतो पण भाडं डॉलरमध्ये सुरू होतं. १ एप्रिल २०१९ पासून ते भाड्याचं देणं ताळेबंदात दाखवावं लागतं, पण न आलेल्या विमानाचं नाही.

नाना स्क्रीनकडे बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "मंग हाई कर्ज नही शे का?"

त्यांनी असं विचारल्यावर माझ्या पोटात कालवलं, कारण मागच्याच वर्षी आमचं दोघांचं नेमकं हेच चुकलं होतं. नानांनी २०२१ च्या डिसेंबरात दोनशे गाठी रुई विकायचा सौदा करून टाकला होता, खंडीला (३५६ किलोला) सत्तर हजार, माल पुढे द्यायचा. मे २०२२ ला रुई लाखाला गेली. दोनशे गाठी म्हणजे साधारण पंच्याण्णव खंडी, खंडीमागे तीस हजार, अठ्ठावीस लाख गेले. मी ३१ मार्चला स्टॉक विचारला, कर्ज विचारलं, येणी-देणी विचारली, सौदा विचारला नाही. तो त्यांच्या खिशातल्या लाल डायरीत होता. त्यातलं दिसत असलेलं नुकसान त्याच वर्षात धरायला हवं होतं आणि ते विचारणं माझं काम होतं.

मग इंधनावर आलो. विमानाच्या इंधनाचा भाव दर महिन्याच्या १ तारखेला बदलतो, जीएसटीत नसल्यामुळे राज्याचा व्हॅट अंगावर. जानेवारी २०२२ ला दिल्लीत किलोलिटरला, म्हणजे हजार लिटरला, ७६ हजार होता, जूनमध्ये १ लाख ४१ हजार. एअरबसच्या ए३२० सारखं विमान तासाला साधारण तीन किलोलिटर पितं, म्हणजे एकेका तासामागे जवळपास दोन लाख वाढले, तिकीट मात्र आधीच विकलेलं. भाव आधीच बांधून घेणारे परदेशात आहेत, पण २००८ मध्ये जुलैला बॅरलमागे १४७ डॉलरला गेलेलं क्रूड डिसेंबरात चाळीसच्या खाली आलं आणि चढ्या भावात बांधून घेतलेले त्यात फसले. आपल्याकडे बहुतेक कंपन्या बांधतच नाहीत.

नाना म्हणाले, म्हणजे विमानाचा सौदा दहा-बारा वर्षांचा, आणि तेलाचा महिन्याचाही नाही? मी इतकी वर्षं हे अहवाल वाचतो, पण इतकं नेमकं मला कधी मांडता आलं नव्हतं.

थोडा वेळ ते गप्प. मग खिशातून लाल डायरी काढली, मागचं पान उघडून माझ्यासमोर ठेवलं. नव्या प्रेस मशीनची ऑर्डर, पाच लाख ॲडव्हान्स दिलेला, दसऱ्याला मशीन येणार तेव्हा सदतीस लाख बाकी. मला माहीतच नव्हतं. हे कधी केलं म्हणून विचारलं तर म्हणे अक्षय्य तृतीयेला, मुहूर्त होता.

शेअरचा विषय तिथेच राहिला. मी कागद ओढला आणि नानांच्या फर्मसाठी पहिल्यांदा ती ओळ लिहिली, करार झालेले, तरतूद न केलेले, पुढे सदतीस लाख. नानांनी चष्मा लावून दोनदा वाचलं आणि म्हणाले, बँकेचं व्याज धरून परत एकदा मांड.