टर्की संपली, धोका संपलेला नाही

गर्द (हेरॉइन) ओढणाऱ्या मुलाच्या घरचे सगळ्यात जास्त धास्तावतात ते टर्कीला, म्हणजे नशा तोडल्यावर होणाऱ्या त्रासाला. शेवटच्या पुडीनंतर आठ-बारा तासांनी जांभया येतात, नाक-डोळे गळतात, अंगावर काटा येतो. मग पायात गोळे, उलट्या, जुलाब. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी कहर होतो आणि आठवडाभरात बरंच ओसरतं. हाल होतात, पण पोटात पाणी जात राहिलं तर धडधाकट माणूस सहसा त्यातून निभावतो. (दारूचं तसं नाही. रोज भरपूर पिणाऱ्याने डॉक्टरांशिवाय ती एकदम तोडू नये. फिट येऊन जीव जाऊ शकतो.)

गर्दमध्ये खरी भीती नंतरची, व्यसनमुक्ती केंद्रातून किंवा तुरुंगातून घरी आल्यावरची.

गर्द हे अफूचंच भावंड. ते श्वास मंद करतं. रोज ओढून शरीर त्याला सरावतं, एका पुडीच्या जागी तीन लागतात. काही आठवडे बंद राहिलं की तो सराव मोडतो. डोक्यातली आठवण मात्र मोडत नाही. जुना कोपरा, चुरगळलेली पन्नी दिसली तरी तलफ उठते आणि मुलगा जुन्याच मापाने घेतो. ते आता शरीराला झेपत नाही, श्वास बंद पडू शकतो. जोडीला दारू किंवा झोपेची गोळी असेल तर श्वास आणखी बुडतो.

घरच्यांना वाटतं, घोरतोय, झोपू दे. त्या घोरण्यात घरघर असेल, ओठ-नखं निळी-राखाडी पडली असतील, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्या असतील किंवा छातीचं हाड मुठीने चोळूनही तो जागा होत नसेल, तर लगेच 108 लावा. श्वास चालू असेल तर कुशीवर वळवा. थांबला असेल तर हनुवटी वर करून, नाक दाबून दर पाच-सहा सेकंदांनी तोंडाने एक श्वास द्या. लिंबू-मिठाचं पाणी पाजू नका, ते फुप्फुसात जातं. डॉक्टरांना ‘गर्द घेतलंय’ असं स्पष्ट सांगा. लाजेपायी इथेच वेळ जातो. नालॉक्झोनचं इंजेक्शन मिनिटांत शुद्धीवर आणतं, पण त्याचा असर अर्ध्या ते दीड तासात उतरतो आणि श्वास पुन्हा मंदावू शकतो. म्हणून उठून बसला तरी लगेच घरी आणू नका.

गर्दच्या उपचारात देतात त्या, जिभेखाली ठेवायच्या ब्युप्रेनॉर्फिनच्या गोळीला ‘एक नशा सोडून दुसरी’ म्हणणं अन्यायाचं आहे. ती तलफ शांत ठेवते आणि जीव वाचवते. पहिली गोळी टर्की नीट सुरू झाल्यावरच द्यायची, आधी दिली तर तीच टर्की भडकवते. ती कुठे मिळेल ते 14446 या व्यसनमुक्ती हेल्पलाइनवर विचारा.