आवशीक रगत देतत, हसतास कित्याक?

मी इथे रक्तपेढीच्या प्रयोगशाळेत काम करते, हे आधीच सांगून टाकते. नाहीतर पुढचं वाचून कोणीतरी म्हणेल, हिला विज्ञान कोणी शिकवलं!

लाइपझिगमधल्या एका छोट्या थिएटरात जुने 'कल्ट' सिनेमे दाखवतात. परवा १९७७ चा 'अमर अकबर अँथनी' होता, खाली जर्मन अक्षरं. लॅबमधल्या चौघांना मीच आग्रहाने घेऊन गेले. तो प्रसंग तुम्हाला सांगायला नको. ओळीने झोपलेले तीन मुलगे, त्यांच्या हातांतून नळ्या वर चढून एका बाटलीत, आणि तिथून रक्त थेट त्यांच्या ताटातूट झालेल्या आईला, निरुपा रॉयला. नात्याचा ना आईला पत्ता, ना पोरांना. आणि थिएटरात हशा फुटला. मागच्या रांगेतला एक गृहस्थ तर मांड्यांवर थापा मारत होता.

माझं डोकंच फिरलं. रक्त आपोआप वर चढत नाही, हे मला त्या गृहस्थापेक्षा जास्त ठाऊक आहे. क्रॉसमॅच, म्हणजे देणाऱ्याचं रक्त घेणाऱ्याशी जुळतं का ही तपासणी, झाल्याशिवाय मी एक पिशवी बाहेर जाऊ देत नाही. पण दिग्दर्शक मनमोहन देसाईंना ते कळत नव्हतं असं समजणारा माणूस मला जास्त भोळा वाटतो.

आमच्या वाडीत, कुडाळकडे, गणपतीत भाड्याचा व्हिडिओ आणून खळ्यात हाच सिनेमा लावला होता. आम्ही पोरं फिदीफिदी हसलो तशी आजी करवादली, "आवशीक रगत देतत ते, हसतास कित्याक मेल्यांनू?" आणि तीच आजी, दारू प्यालेला अँथनी आरशातल्या स्वतःला मलमपट्टी करतो तिथे पोट धरून हसली. कुठे हसायचं हे तिला जत्रेत रात्रभर चालणाऱ्या दशावतारी नाटकाने शिकवलं होतं. आधी संकासुर धमाल उडवणार, मग मध्यरात्री वनवासातली राणी टाहो फोडणार. लुगड्यातली ती राणी म्हणजे दिवसा नांगर धरणारा बाप्या, हे सगळ्या गावाला माहीत. लिहिलेली संहिता नाही, बोलणं तिथल्या तिथे सुचलेलं, तरी बायका पदराने डोळे पुसणार. त्यांना कोणी फसवलेलं नसतं हो.

आता यांचं बघा. गेल्या हिवाळ्यात याच मंडळींनी मला व्हेर्दीच्या 'इल त्रोवातोरे' या ऑपेराला, म्हणजे संगीत नाटकाला, नेलं होतं. सरदाराचं तान्हं मूल जाळायला निघालेली बाई चुकून स्वतःचंच पोर आगीत टाकते आणि ते दुसरं मूल आपलं म्हणून वाढवते. मोठेपणी दोघे सख्खे भाऊ एकाच मुलीवर भाळतात. ती विष घेते, आणि विष घेतल्यावरही गात राहते. शेवटी एक भाऊ दुसऱ्याला मारवतो आणि मग त्याला कळतं, अरे, हा तर आपलाच! १८५३ पासून हे चाललंय. सुटाबुटातली माणसं श्वास रोखून बसली होती. कोणी खोकलंसुद्धा नाही. आता सांगा, हरवलेल्या भावांचा सिनेमा कोणाचा जुना?

एक मात्र मान्य करते. पैसे मोजून ते आले आणि तीन तास जागचे हलले नाहीत. आपण? मोबाइलवर तुकडे बघतो, निरुपा रॉयची मीमं एकमेकांना पाठवतो. पण आपलं हसणं घरातलं आहे, असं मी म्हणते. नवरा म्हणतो, हे सोयीचं आहे. असू दे.

चौघांत एक हसली नाही. ती कझाकस्तानात वाढलेली. सोव्हिएत संघ मोडल्यावर जर्मन वंशाचे लाखो लोक तिकडून इकडे आले, त्यांतली. १९५४ साली 'आवारा' रशियन आवाजात सोव्हिएत संघभर लागला होता, तो तिच्या आईने पाहिलेला. साईबाबांच्या मूर्तीतून ज्योती निघून निरुपा रॉयची दृष्टी परत येते, तिथे ही बाई नाक शिंकरून शिंकरून रडली.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी चहाच्या वेळी पुन्हा विचारलं, "पण रक्त वर कसं चढलं?" मी म्हटलं, "विष प्यालेल्या बाईला गायला श्वास कसा पुरला?" ते म्हणाले, ते वेगळं, ते संगीत आहे. मी म्हटलं, आमच्याकडेही त्याच वेळी गाणंच चालू होतं.

पुढच्या महिन्यात 'डिस्को डान्सर' आहे. कझाकस्तानवालीने दोन तिकिटं काढली आहेत, तिचं आणि माझं. बाकीच्यांना मी विचारलेलं नाही.