तिघांतला एक

घरी जुने बोलपट पाहायला मंडळी जमली आणि मी 1930 सालचा ‘किंग ऑफ जॅझ’ हा अमेरिकी संगीतपट लावला, की यातला पुढे गाजलेला गायक-नट बिंग क्रॉस्बी कोणता आणि तो एकटा कधी गातो, हे कोणी ना कोणी विचारतेच. तुम्हीही विचारलेत म्हणून सांगतो: त्याच्या एकट्याचे गाणे पडद्यावर नाहीच. पहाटेवरचे एक ठरले होते, पण चित्रीकरणाच्या दिवसांत, ऐन दारूबंदीत, हा गडी पिऊन गाडी चालवताना अपघात करून बसला आणि तुरुंगात गेला. ते गाणे गायक-नट जॉन बोल्सच्या वाट्याला गेले.

मला त्याची हळहळ वाटत नाही, कारण जे उरले ते ‘रिदम बॉइज’ या त्याच्या त्रिकुटाचे आहे. क्रॉस्बी आणि अल रिंकर 1925 मध्ये स्पोकेनहून जुनाट फोर्ड गाडीत बसून लॉस एंजेलिसला आले होते. हा चित्रपट ज्याच्याभोवती रचला आहे त्या वाद्यवृंदकार पॉल व्हाइटमनने त्यांना आपल्याकडे घेतले खरे, पण न्यूयॉर्कच्या प्रचंड नाट्यगृहात दोघांचे गाणे पडले. मग पियानो वाजवणारा, स्वतः चाली बांधणारा हॅरी बॅरिस त्यांना येऊन मिळाला आणि जोडीचे त्रिकूट झाले.

चित्रपटात हे तिघे आधी नुसत्या सावल्या म्हणून दिसतात आणि मग उजेडात येऊन बॅरिसचेच निळ्या आणि काळ्या पक्ष्यांचे गाणे गातात. (त्या काळच्या दोनरंगी टेक्निकलर या रंगीत चित्रीकरणाच्या पद्धतीत निळा रंग धड उमटतच नसे, ही गंमत निराळी.) एकाची ओळ संपण्याआधीच दुसरा ती उचलतो, मध्येच अर्थहीन अक्षरांचा ताल धरला जातो, आणि क्रॉस्बीचा भरदार आवाज या सगळ्या दंग्याच्या खाली निवांत पसरलेला असतो. व्हाइटमनच्या आग्रहामुळे संगीत आधी ध्वनिमुद्रित करून मग चित्रीकरण झाले होते, त्यामुळे शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्यासाठी कोणालाच गळा ताणावा लागला नाही. माझ्या मते क्रॉस्बीची पुढे गाजलेली, कानाशी बोलल्यासारखी गायकी इथेच घडते आहे. दोन मित्र शेजारी असताना कोण कशाला ओरडून गाईल? त्याला एकट्याला पुढे उभे करून ते भारदस्त पहाटगीत गायला लावले असते, तर त्यानेही इतरांसारखी छाती फुगवली असती असे मला वाटते.

चित्रपटाबद्दल माझी तक्रार दुसरीच आहे. शेवटच्या भव्य प्रवेशात जॅझच्या कढईत युरोपभरचे संगीत ओतले जाते, आणि ज्या कृष्णवर्णीयांनी हे संगीत घडवले त्यांचा तिथे पत्ताच नसतो.

त्रिकूट 1931 मध्ये फुटले. क्रॉस्बीला एकट्याला नाव मिळवून देणारे त्याच वर्षीचे ‘आय सरेंडर, डिअर’ हे गाणेही बॅरिसच्याच चालीतले. पुढे क्रॉस्बी नायक झाला आणि त्याच्या काही चित्रपटांत बॅरिस चिमुकल्या भूमिकांत येऊन जातो. तो दिसला की मी चित्रपट थांबवून मंडळींना त्याच्याकडे बोट दाखवतो.