तुम्ही विचारलंत म्हणून: चिठ्ठीतला एक शब्द

बेळगावात चित्रपटांवर बोलायला गेले की कोणीतरी हमखास विचारते, खानापूर तालुक्यात वाढलेल्या तुम्हाला मुलींच्या वसतिगृहावरचा, 1931 सालचा एक जर्मन चित्रपट इतका जवळचा का वाटतो?

‘मेडशेन इन युनिफॉर्म’ हा तो चित्रपट. क्रिस्टा विन्स्लो यांच्या नाटकावरून लेओन्टिन सागान यांनी तो दिग्दर्शित केला आणि त्यात एकही पुरुष नट नाही. पोट्सडामच्या कडक शिस्तीच्या शाळेत आलेली, आईविना वाढलेली मानुएला तिथल्या एका शिक्षिकेवर जीव लावते. शाळेच्या नाटकात पुरुषाची भूमिका केल्यावर, पंच प्यायलेली असताना, त्याच वेषात ती हे प्रेम सर्वांसमोर बोलून टाकते आणि मुख्याध्यापिका तिला इतर मुलींपासून वेगळे ठेवतात. (शिक्षिका आणि विद्यार्थिनी यांच्यातले अंतर ती शिक्षिका ज्या सहजतेने पुसट करते, ते मला आज खटकते.)

आमच्या मुलींच्या वसतिगृहातल्या गॅदरिंगलाही मुलीच मावळे होत. माझी मिशी काढली ती चिकोडीकडच्या, घरी कन्नड बोलणाऱ्या मुलीने. काजळाच्या डबीत करंगळी बुडवून, दुसऱ्या हाताने माझी हनुवटी धरून. त्या रात्री मला ती मिशी पुसवेना. ती मला ‘गेळती’ म्हणे, मी तिला मैत्रीण म्हणे, आणि आम्ही एका ताटात जेवतो याचे सर्वांना कौतुकच होते.

पुढे तिने मला लिहिलेली चिठ्ठी रेक्टरबाईंच्या हाती लागली. बाई कोल्हापूरकडच्या, त्यांना कन्नड वाचता येत नव्हते, म्हणून त्यांनी एका मुलीला उभे करून ती मोठ्याने वाचायला आणि अर्थ सांगायला लावले. त्या मुलीने मान खाली घालून ‘माया’ असा अर्थ सांगितला; पण चिठ्ठीत ‘प्रीती’ होते, आणि तो शब्द दोन्ही भाषांत एकच असल्यामुळे बाईंना अर्थ सांगणारीची गरजच उरली नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी चिकोडीकडच्या मुलीची ट्रंक व्हरांड्यात आली.

विन्स्लो यांच्या नाटकात मानुएला जिवाला मुकते, चित्रपटात मात्र तिच्या नावाने हाका मारत मुली जिन्यावर धावतात आणि तिला वाचवतात. ते दृश्य मी आजवर अनेकदा पाहिले आहे, आणि दर वेळी मला मान खाली घालून ‘माया’ म्हणणारी ती मुलगी आठवते.