मधूनमधून शटर ओढणारा बँड

चिगासाकी स्टेशनवर तोकाइदो लाइनची गाडी सुटताना जी धून वाजते ती सदर्न ऑल स्टार्स या बँडच्या गाण्याची. २०१४पासून वाजते आहे. तोक्योहून तासाभरावरचं हे समुद्रकाठचं शहर, आणि बँडचा गायक केइसुके कुवाता इथलाच. शहराने त्यांच्यावरून आपल्या किनाऱ्याचं नावच 'सदर्न बीच' करून टाकलंय. तिथे इंग्रजी 'सी' अक्षराचं एक भलंमोठं शिल्प आहे. त्याच्या मोकळ्या जागेत जोडप्याने उभं राहिलं की गोल पूर्ण होतो, म्हणून फोटोसाठी रांग. आम्हीही लागलो रांगेत, न लागून सांगतो कोणाला!

पहिलं गाणं २५ जून १९७८चं. त्याचं नाव त्या वेळच्या दोन गाजलेल्या गाण्यांची नावं चिकटवून केलेलं. म्हणजे निव्वळ वात्रटपणा. कॉलेजातली टवाळ पोरं, चार दिवसांत विसरली जातील असंच लोकांना वाटलं असणार. आज ही 'पोरं' सत्तरीला आली आहेत आणि २०२५मध्येही त्यांचा नवा अल्बम आला, शिवाय मोठाली स्टेडियमं भरली.

एवढी वर्षं कशी टिकली? माझ्या मते याचं बरंचसं श्रेय सुट्ट्यांना. पुण्यातल्या दुकानांसारखा हा बँड बिनदिक्कत शटर ओढतो. कीबोर्ड वाजवणाऱ्या युको हारा म्हणजे कुवातांच्या पत्नी. १९८५मध्ये त्यांच्या बाळंतपणासाठी बँड थांबला. तिला बदलून दुसरं कोणी आणलं नाही, हे मला फार आवडतं. २००८मध्ये पुन्हा बेमुदत बंद. मध्ये २०१०मध्ये कुवातांना अन्ननलिकेचा कॅन्सर झाला, शस्त्रक्रिया झाली, आणि २०१३मध्ये बरोबर २५ जूनलाच, पस्तिसाव्या वाढदिवशी, दुकान उघडलं. गिटारवादक ओमोरी २००१मध्ये बाहेर पडले, तेवढीच काय ती गळती.

एक गोष्ट मात्र वेगळी. त्यांचं सगळ्यात जास्त खपलेलं गाणं २००० सालचं, नाव 'त्सुनामी'. विषय प्रेमाचा, समुद्राशी तसा संबंध नाही. मार्च २०११मध्ये ईशान्य जपानचा किनारा वाहून गेला आणि त्यानंतर बँडने ते मैफलीत गायचं टाळलं. त्याच सप्टेंबरात कुवातांनी त्याच भागातल्या मियागीत कार्यक्रम केला. ज्या सभागृहात केला, तिथे आपत्तीनंतर मृतदेह ठेवले होते. ऑफिसमधल्या निवृत्तीला आलेल्या एका बाईंना मी विचारलं, तुम्हाला ते गाणं पुन्हा ऐकावंसं नाही वाटत? "वाटतं ना. पण घरी ऐकते," म्हणाल्या आणि प्रिंटआउट उचलून गेल्या.

या बाई फॅन क्लबच्या जुन्या सभासद. तिकिटं इथे सोडतीने मिळतात, पैसे असून उपयोग नाही. २०२३मध्ये चिगासाकीच्या बेसबॉल मैदानावर चार दिवस कार्यक्रम होते. बाईंचा नंबर लागला नाही. मैदान समुद्राला लागूनच, त्यामुळे चटई घेऊन बाहेर बसल्या आणि फुकटात ऐकून आल्या.

ऐकून बघायचं असेल तर १९७९च्या 'इतोशी नो एली'पासून सुरुवात करा. पुढे दहा वर्षांनी एका व्हिस्कीच्या जाहिरातीसाठी ते खुद्द अमेरिकन गायक रे चार्ल्सने इंग्रजीत गायलं. आमच्या घरात यावर दोन तट आहेत. मी कुवातांच्या बाजूने.